कडेची नजर आणि शेजारच्या अक्षरांचा अडथळा

खालच्या दोन्ही ओळींमध्ये नजर डावीकडच्या अधिकच्या चिन्हावर खिळवून ठेवावी आणि उजवीकडचा 'क' डोळ्याच्या कोपऱ्यातून टिपण्याचा प्रयत्न करावा.

+　　　　　　　　　क

+　　　　　　　　ब क फ

पहिल्या ओळीतला 'क' बऱ्यापैकी ओळखता येतो. दुसऱ्या ओळीत तोच 'क', तेवढाच मोठा आणि जवळपास तितक्याच अंतरावर असूनही, शेजारच्या दोन अक्षरांत विरघळून जातो. तिथे काहीतरी छापलेले आहे, त्यात रेघा आहेत, गाठी आहेत, हे कळते. पण कोणती गाठ कोणत्या अक्षराची, हे सांगता येत नाही. फरक पुरेसा जाणवत नसेल, तर पडदा डोळ्यांच्या थोडा जवळ आणावा. दृष्टीचा अभ्यास करणारे लोक या परिणामाला 'क्राउडिंग' म्हणतात, आणि कडेच्या नजरेची खरी मर्यादा माझ्या मते हीच आहे.

कडेची नजर अंधुक असते, एवढ्यावरच आपली समजूत सहसा थांबते. ती खोटी नाही. दृष्टिपटलावर साधारण १२ कोटी दंडपेशी आणि ६० लाखांच्या आसपास शंकुपेशी असतात, परंतु बारकावे टिपणाऱ्या शंकुपेशींची दाटी मध्यभागातल्या फोव्हिया नावाच्या लहानशा खळग्यातच असते, आणि एवढ्या सगळ्या पेशींची खबर मेंदूकडे नेणाऱ्या दृष्टिचेतेत तंतू असतात जेमतेम १० लाख. कडेचे चित्र त्यामुळे ढोबळ होते. मात्र अडचण केवळ अंधुकपणाची असती, तर पहिल्या ओळीतला एकटा 'क'सुद्धा वाचता आला नसता. तो वाचता येतो, याचा अर्थ डोळ्याने आपले काम केले आहे आणि गोंधळ पुढे कुठेतरी होतो आहे.

या गोंधळाला एक मोजमाप आहे. हर्मन बौमा या डच संशोधकाने १९७० साली 'नेचर'मध्ये छापलेल्या छोट्याशा टिपणात असे दाखवले, की नजरेच्या केंद्रापासून अक्षर जितके दूर, त्याच्या साधारण निम्म्या अंतरात दुसरे काही आले तर ते अक्षर ओळखण्यात अडथळा येतो. हात सरळ लांबवून धरलेली मूठ सुमारे १० अंशांची असते. म्हणजे नजरेपासून एका मुठीवर असलेले अक्षर स्वच्छ कळायचे असेल, तर त्याच्या भोवती अर्ध्या मुठीएवढी जागा मोकळी हवी. दोन मुठींवर असेल, तर पूर्ण एका मुठीची. त्याहून विलक्षण गोष्ट पुढच्या प्रयोगांतून समोर आली. हे अंतर अक्षराच्या आकारावर जवळजवळ अवलंबून नसते. अक्षरे मोठी केली आणि त्यांच्या मध्यांमधले अंतर तेवढेच ठेवले, तर अडथळा तसाच राहतो. शिवाय हा प्रदेश गोल नसून लांबट असतो: नजरेच्या केंद्राकडून बाहेर जाणाऱ्या रेषेवरचे शेजारी जास्त त्रास देतात, आडव्या बाजूचे कमी. आणि केंद्राकडच्या शेजाऱ्यापेक्षा बाहेरच्या अंगाचा शेजारी अधिक अडथळा करतो, हे मला आजही उलटे वाटते, कारण बाहेरचा शेजारी स्वतः अधिक अंधुक दिसत असतो.

अडथळा नेमका कुठे होतो, या प्रश्नावर सर्वांत आधी संशय जातो तो दृष्टिपटलावरच. शेजारच्या पेशी एकमेकींचे संदेश दाबतात, हे केफर हार्टलाइन यांनी हॉर्सशू क्रॅब या सागरी प्राण्याच्या डोळ्यावर दाखवले होते आणि दृष्टीविषयीच्या संशोधनासाठी १९६७ च्या नोबेल पारितोषिकात त्यांचा वाटा होता. कडा उठावदार दिसण्यामागे हीच यंत्रणा असते. पण क्राउडिंगचा दोष तिच्यावर टाकता येत नाही. ओळखायचे चिन्ह एका डोळ्याला आणि शेजारची चिन्हे दुसऱ्या डोळ्याला दाखवली, तरी अडथळा येतोच, असे १९६३ पासूनच्या प्रयोगांतून दिसत आले आहे. त्रिपाठी आणि लेव्ही यांनी १९९४ मध्ये यात एक सुरेख युक्ती केली. प्रत्येक डोळ्यात दृष्टिचेता बाहेर पडते तिथे एक अंधबिंदू असतो. त्यांनी अडथळा करणारी चिन्हे एका डोळ्याच्या अंधबिंदूभोवती दाखवली आणि ओळखायचे चिन्ह दुसऱ्या डोळ्याला नेमके त्याच जागी दाखवले. पहिल्या डोळ्यात त्या जागी ग्रहण करणारी पेशीच नाही, तरीही चिन्ह ओळखणे कठीण झाले. दोन्ही डोळ्यांचे संदेश खऱ्या अर्थाने एकत्र येतात ते डोक्याच्या मागच्या भागातल्या दृष्टिबाह्यकात, म्हणजे मेंदूच्या बाहेरच्या थराच्या पाहण्याचे काम करणाऱ्या भागात, म्हणून अडथळ्याची जागा तिथे किंवा त्याच्याही पुढे शोधावी लागते.

'पुढे' हे उत्तर अधिक बरोबर आहे, असे मानायला आधार देणारा १९९६ चा एक प्रयोग मला या सगळ्या साहित्यात सर्वांत आवडतो. तिरप्या रेघांकडे बराच वेळ पाहिले की नंतर त्याच तिरपेपणाच्या फिकट रेघा दिसणे अवघड जाते. पेशी थकल्यासारख्या होतात. शेंग हे, कॅव्हना आणि इंट्रिलिगेटर या संशोधकांनी अशा रेघा कडेच्या नजरेत, गर्दीत ठेवल्या. रेघा कोणत्या बाजूला कलल्या आहेत हे पाहणाऱ्यांना सांगता येत नव्हते, पण त्यांच्या मेंदूवर त्या कलाचा थकवा मात्र नेहमीसारखाच उमटला. म्हणजे माहिती बाह्यकाच्या पहिल्या टप्प्यापर्यंत पोचली होती, नोंदली गेली होती, फक्त जाणिवेच्या हाती लागली नव्हती.

त्यापुढच्या टप्प्यांवर काय होते, याचे प्रचलित स्पष्टीकरण असे. बाह्यकातली प्रत्येक पेशी दृष्टिक्षेत्राच्या ठरावीक तुकड्यावर लक्ष ठेवते. केंद्राजवळ हे तुकडे इवलेसे असतात, कडेला मोठे होत जातात, आणि प्रक्रियेच्या पुढच्या टप्प्यांवर तर आणखी मोठे. एकाच तुकड्यात तीन अक्षरे आली, की तिन्हींच्या रेघांची बेरीज एकत्रच होते. २००१ मध्ये एका प्रयोगात लोकांना गर्दीतली नेमकी कोणती आकृती कलली आहे हे सांगता आले नाही, पण सगळ्या आकृत्यांचा सरासरी कल बऱ्यापैकी सांगता आला. मज्जासंस्था माहिती फेकून देत नाही, तिचा सारांश काढते. अर्थात सरासरीने सगळे सुटत नाही. शेजारच्या आकृत्यांचा रंग वेगळा असेल, किंवा त्या आपापसांत जुळून एक वेगळा समूह दिसू लागला, तर अडथळा कमी होतो. काही वेळा शेजाऱ्यांची संख्या वाढवूनही तो कमी होतो. निव्वळ बेरीज करणारी यंत्रणा असे वागणार नाही.

व्यवहारात याचा अर्थ काय, तर चौकातल्या रस्त्याच्या फलकाभोवती वाढदिवसाच्या शुभेच्छांचे फ्लेक्स लागले, की फलक झाकला न जातासुद्धा निकामी होतो. समोर नजर ठेवून गाडी चालवणाऱ्यापासून २० अंशांवर असलेल्या फलकाला १० अंशांची मोकळीक हवी. ती आपल्या शहरांत सणासुदीच्या दिवसांत मिळणे जवळपास अशक्य असते. फलक मोठा करून भागत नाही.

आळशी डोळा असलेल्या मुलांमध्ये हीच गर्दी नजरेच्या केंद्रातही जाणवते. असे मूल एकेकटे अक्षर नीट वाचते आणि ओळीत तेच अक्षर आले की अडखळते. म्हणून डोळे तपासताना केवळ सुटी अक्षरे दाखवली, तर दोष असतो त्यापेक्षा कमी भरतो, आणि म्हणूनच तपासणीच्या चांगल्या तक्त्यांमध्ये अक्षरे ओळीत असतात किंवा त्यांच्या चारी बाजूंना रेघा आखलेल्या असतात.

उतारवयात पीतबिंदूची, म्हणजे दृष्टिपटलाच्या मध्यभागाची, झीज झालेल्यांना तर वाचनासाठी कडेच्या नजरेवाचून पर्यायच उरत नाही. माझ्या आत्याचे असे झाले. अक्षरांमधले अंतर वाढवले की प्रश्न मिटेल, असे बौमाचा नियम वाचून कुणालाही वाटेल. पण कडेच्या नजरेने वाचण्याचा वेग नेहमीच्या अंतरापलीकडे अक्षरे फाकवून वाढत नाही, हे सुसाना चुंग यांनी २००२ मध्ये मोजून दाखवले आहे. अक्षरे फाकली, की शब्दाची टोके केंद्रापासून आणखी दूर जातात, आणि एका दृष्टिक्षेपात मावणारी अक्षरे काही वाढत नाहीत. अक्षरे मोठी केली, उजेड चांगला ठेवला, तर आत्या वाचते, पण सावकाश, कारण शब्द तिला अखंड दिसतच नाही. तो तुकड्या-तुकड्यांनी जुळवावा लागतो. घरातले तिला दर काही महिन्यांनी चष्म्याचा नंबर तपासायला नेतात. नंबर तोच निघतो.