घटाचा सातवा दिवस, जायफळाचे पहिले फूल

आश्विन शुद्ध सप्तमी, रात्र

आज सकाळी आगरात पाणी लावताना जायफळाच्या एका फांदीवर, पानांच्या बेचक्यात, मेणाची असावीत अशा फिकट पिवळ्या इवल्या फुलांचा घोस दिसला आणि हातातला पाइप आळ्यात तसाच सोडून मी उभी राहिले. हे बी मी 2016 च्या श्रावणात लावले होते. जायफळाचे बी सुकले की रुजत नाही, म्हणून फळ उकलल्याच्या दुसऱ्याच दिवशी, लाल जायपत्री सोडवून, ते ओल्या मातीत टेकवले होते. आठ वर्षांनी आलेले फूल खुडायला मन धजत नव्हते, तरी एक खुडले आणि ब्लेडने उभे चिरले. मादी फुलात तळाशी गोल, फुगीर बीजकोश असतो. या फुलात मधोमध पुंकेसरांचा एकच बारीक खांब उभा होता. झाड नर निघाले. त्याला फळ कधीच धरणार नाही.

बियांपासून केलेल्या जायफळांत साधारण निम्मी झाडे नर निघतात आणि रोपावरून ते सहजी ओळखता येत नाही, हे मला लावतानाच ठाऊक होते. तरीही दिवसभर जीव थाऱ्यावर नव्हता. म्हणून, ज्या श्रद्धेने मी ही रोजनिशी लिहिते, ती आज पुन्हा एकदा स्वतःसमोर मांडून पाहते आहे.

या श्रद्धेला नाव नाही. ती मला 3 जून 2020 नंतर सापडली. त्या दिवशी निसर्ग चक्रीवादळ श्रीवर्धनच्या बाजूने किनाऱ्यावर चढले आणि आमच्या दापोली तालुक्यातल्या कितीतरी वाड्या काही तासांत झोपल्या. आमच्या आगरात सासऱ्यांच्या हातचे माड मुळांसकट उलथले होते, पोफळी मधोमध मोडल्या होत्या, आणि जिथे भर दुपारीही कवडसे मोजता येत तिथे लख्ख उघडे आभाळ होते. कोणाला बोल लावावा हे कळेना. मग कधीतरी, पडलेल्या माडांच्या जागी नव्या रोपांसाठी खड्डे काढताना, असे वाटले की हे मोडले ते वाऱ्याने, पण वाढवले होते काळाने, आणि पुन्हा उभे करणाराही तोच आहे. तर हात जोडायचे ते त्यालाच. मी तेव्हा साठीला आले होते. लवकर धरणाऱ्या संकरित जाती मिळत असूनही मी माडाची बाणवली जातच लावली, जी सहा-सात वर्षांनी धरते आणि पुढे सत्तर-ऐंशी वर्षे देत राहते. त्यातली बहुतेक वर्षे माझी नाहीत, हे लावतानाच मान्य करणे हा माझा पहिला नैवेद्य होता.

या धर्मात मागणे नाही, हजेरी आहे. रोहिणी, मृग, आर्द्रा ही त्याची पर्वे, आळी उकरून पालापाचोळा आणि शेणखत घालणे ही त्याची पूजा, आणि पेरलेले बी रुजले का हे पाहायला माती उकरणे हे त्यातले एकमेव पाप. अरणच्या सावता महाराजांना विठोबा मळ्यातच भेटला. माझ्या दैवताला तेवढेही रूप नाही. मात्र नवरात्रात ते घरात दिसते. देवघरात परडीत काळी माती घालून पेरलेले धान्य सातव्या दिवशी वीतभर झाले आहे, उजेड कमी म्हणून पोपटीपेक्षा पिवळेच अधिक. नऊ दिवसांत काळ डोळ्यांना दिसावा, अशी ही सोय आपल्या आधीच्या माणसांनी घराघरात करून ठेवली आहे, आणि तिच्याइतकी सुंदर पूजा मला दुसरी माहीत नाही.

शेजारच्या काकू दुपारी आल्या. फूल पाहून म्हणाल्या, “अगो, आठ वर्षं फुकट गेली की गो! तोड नि कलम आणून लाव.” त्या प्रेमानेच बोलल्या. पण ती वर्षे फुकट गेली असे मला म्हणवत नाही. वादळानंतर सावली गेली तेव्हा हे जेमतेम कमरेएवढे रोप होते. पाने करपू लागली तशी मी पडलेल्या माडांचेच झाप विणून त्याला आडोसा केला आणि दोन उन्हाळे तो बदलत राहिले. ते झाप, ते उन्हाळे या झाडाच्या खोडात आहेत.

राहिला प्रश्न कलमाचा. नराच्या फांद्यांवर मादीची काडी बांधता येते, हे इथे सगळ्यांना माहीत आहे. काळाला मानणाऱ्या माणसाने असे करावे का, यावर मी संध्याकाळभर विचार केला. कलम लवकर फुलते याचे कारण असे की धरत्या झाडाची काडी आपले वय विसरत नाही. जायफळाची काडी तर दिशाही विसरत नाही. उभ्या फांदीची काडी उभी वाढते, आडव्या फांदीची आडवीच पसरत राहते. म्हणजे कलम बांधणारा काळाला फसवत नाही; दुसऱ्या कोणीतरी धीराने घालवलेली वर्षे तो हात जोडून मागून घेतो. यात मला अधर्म दिसत नाही.

तरीही झाड पूर्ण बदलायचे नाही, असे ठरवले आहे. दहा माद्यांमागे एक नर लागतो, आणि काकूंच्या वाडीत चार धरती झाडे आहेत. माझे झाड त्यांच्या गडग्याला, म्हणजे दगडी कुंपणाला, लागूनच आहे, तेव्हा गडग्याकडच्या फांद्या नरच राहतील. उरलेल्यांपैकी दोन उभ्या फांद्यांवर काकूंच्या जुन्या झाडाची काडी बांधेन. ते झाड त्यांच्या सासूबाईंनी लावलेले आहे. काडी मागितल्यावर काकू थोडा वेळ गप्प राहिल्या आणि मग म्हणाल्या, “दसरा होऊ दे. मी स्वतः कापून देईन.”

वहीत नोंद केली: जायफळ, गडग्याकडचे. नर. पहिले फूल. चिरलेले फूल परडीतल्या मातीवर ठेवले आहे.