धोडपची भिंत आणि सातमाळ रांगेतल्या वाटा

सप्तशृंगीपासून चांदवडकडे जाणारी सातमाळ रांग लांबून पाहिली की डोंगर पायरीपायरीने चढवल्यासारखे दिसतात. कडा, मग पदर, पुन्हा कडा. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी भेगांतून लाव्हा वाहत आला, थरावर थर साचला, त्याची ही मांडणी. घट्ट काळ्या कातळाचा थर उभा तुटतो, तो कडा. सच्छिद्र थर झिजून उताराला लागतो, तो पदर. वाट चुकलात तर पदर धरून आडवे चाला, कड्याला कुठे तरी नाळ, म्हणजे वर जाणारी अरुंद घळ, फुटलेली सापडते. सरळ वर घुसायचं नाही. ढोरवाटाही पदरानेच जातात, पण त्या पाण्यावर नाहीतर गवतात संपतात, गडावर जात नाहीत.

दोन थरांच्या मध्ये बऱ्याचदा विटकरी मातीचा पट्टा असतो. वरच्या कातळाच्या भेगांतून झिरपलेलं पाणी या चिकट पट्ट्याशी अडतं आणि बाजूला फुटतं. कड्याच्या बुडाशी ओल दिसली की आसपास कातळात खोदलेलं पाण्याचं टाकं असण्याची शक्यता धरा. उन्हाळ्यात मात्र हाच पट्टा वाळून भुगा होतो आणि आडवी वाट पायाखालून सरकते. तिथे पूर्ण तळवा टेकवा, अंतर ठेवून एकेकाने पार व्हा.

या रांगेतल्या धोडप किल्ल्याला मुंबई-आग्रा महामार्गावरच्या वडाळीभोई फाट्यावरून हट्टी गावात जायचं. परतीच्या जीपची वेळ चढण्याआधीच विचारून घ्या. हट्टीतून माथ्याखालच्या गुहेपर्यंत अडीच-तीन तास धरा. माचीच्या टोकाची ती प्रसिद्ध भिंत म्हणजे डाइक: आधीचे थर चिरत वर घुसलेला आणि चिरेतच थिजलेला लाव्हा. बाजूचा दगड आधी झिजला, ही उभी राहिली. जवळ जाऊन पाहा, डाइकचा दगड आडव्या खांबांत फुटतो, सरपणाच्या मोळीची टोकं दिसावीत तसा. उभ्या चिरेतला लाव्हा दोन्ही बाजूंनी आत थंड होत जातो, म्हणून खांब आडवे. नुसता फोटो काढून परतणाऱ्यांचं हे हमखास राहून जातं. मोळीतलं लाकूड जसं ओढून काढता येतं तसा हा दगड सुटतो, तेव्हा भिंतीवर हाताची पकड घेताना आधी ठोकून पाहा. बद्द आवाज आला तर सोडा. भिंतीतल्या चौकोनी खाचेच्या काठावर वारा अचानक येतो. उभं राहण्यापेक्षा बसून पाहावं. वरच्या सुळक्यावर दोर आणि जाणकार सोबत असल्याशिवाय जाऊ नका.

पाणी माणशी ३ लिटर, मार्चपासून ४. टाक्यातलं पाणी आधी सुती फडक्यातून गाळा, मग क्लोरीनची गोळी टाकून अर्धा तास थांबा. गढूळ पाण्यात गोळी नीट काम करत नाही. दिवाळीनंतर गवत वाळतं आणि उतरताना पावसाइतकंच घसरवतं, त्याखालचा मुरूम तर गोट्यांसारखा पळतो. झिजलेल्या तळाचे बूट घरीच ठेवा. कड्यांच्या पोटात आग्यामोहळं असतात: अत्तर नको, धूर नको, आरडाओरडा नको. माश्या उठल्याच तर झटकत बसू नका, तोंड-डोकं झाकून आल्या वाटेने मागे फिरा, पण कड्यावर धावू नका.