थंडीच्या लाटेत द्राक्षबाग राखताना: माझा अनुभव

निफाडकडे सकाळी कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्राचा तापमानाचा आकडा कळला की दिवसभर गावात तोच विषय. 2018 च्या डिसेंबरअखेर पारा 2 अंशांच्याही खाली गेला. गहू-हरभरावाले खूश, द्राक्षवाल्यांच्या तोंडचं पाणी पळालेलं.

आमची थॉमसन जातीच्या द्राक्षांची बाग तेव्हा नेमकी मण्यांत पाणी उतरण्याच्या, म्हणजे मणी मऊ, रसाळ होऊ लागण्याच्या अवस्थेत. पहाटेचा कडाका आणि दुपारचं ऊन यांतली तफावत वाढली की मणी तडकतात, नाहीतर गुलाबी पडतात. गुलाबी मणी निर्यातीला चालत नाहीत.

उपाय दोनच, पाणी आणि धूर. विहिरीचं पाणी पहाटेच्या हवेपेक्षा कोमट असतं, म्हणून ड्रीप पहाटे चालू करायचं. विजेची रात्रपाळी त्या आठवड्यात आमच्या पथ्यावरच पडली. धुराचं काम जास्त किचकट. बांधावर पाचट, भुसा, ओला पालापाचोळा रचून नुसता धुमसत ठेवायचा. जाळ दिसला की वरून ओलं गवत. धुराचा थर पसरला तर जमिनीतली ऊब थोडी टिकते. पण एकट्याने पेटवून उपयोग नसतो, धूर झुळुकीसरशी दुसऱ्याच्या वावरात जातो. नाना म्हणाले, "वारं ज्याच्या अंगानं येईल त्यानं पेटवायचं, बाग कुणाची का असेना." थंड हवा खोलगट रानात साचते, त्यामुळे नदीकाठच्या बागांना धोका जास्त. तरी वरच्या मळ्यातली पोरंही रात्रभर खाली येऊन बसली. हे मला फार मोलाचं वाटतं.

थिनिंगला (घडातले जादा मणी काढायला) आलेली सुरगाण्याकडची मजुरांची टोळी बांधालगत ताडपत्रीच्या पालात राहत होती. धुनी विझू न देता कशी धुमसत ठेवायची, हे त्यातल्या मावशींनीच आम्हाला दाखवलं. थंडीत द्राक्षाचं किती नुकसान झालं याच्या बातम्या येतात. त्याच थंडीत लेकरं घेऊन उघड्यावर झोपणाऱ्यांबद्दल कुणी बोलत नाही. आईने त्यांना पडवीत आणलं, लेकरांना गोधड्या दिल्या. मजूर येण्याआधीच निवारा तयार हवा, असं माझं ठाम मत आहे.

काही घडांत मणी तडकलेच. ते कात्रीने लगेच काढावे लागतात, नाहीतर रस गळून शेजारचे मणी सडतात. आम्ही सकाळी ऊन चढल्यावर, घड कोरडे झाले की ओळीने फिरायचो आणि काढलेले मणी बागेबाहेर नेऊन पुरायचो.