मंडळाचा पाऊस विभागापर्यंत: मराठवाड्याचा ट्री डेटाबेसमध्ये बसवताना

महसूल मंडळांच्या (तालुक्याखालच्या गावांच्या गटांच्या) रोजच्या पावसाचे आकडे तालुका, जिल्हा आणि विभाग असे वर न्यायचे होते. वरवर हे बेरीज-भागाकाराचं काम आहे. प्रत्यक्षात निम्म्याहून जास्त वेळ ट्री, म्हणजे ही वरपासून खालपर्यंतची उतरंड, नीट उभा करण्यात गेला, म्हणून त्याबद्दलच सविस्तर लिहितो.

वरचा भाग आधी पक्का केला. रूटला, म्हणजे सगळ्यात वर, विभाग, त्याखाली 8 जिल्हे, त्याखाली 76 तालुके: छत्रपती संभाजीनगर 9, जालना 8, परभणी 9, हिंगोली 5, नांदेड 16, लातूर 10, धाराशिव 8, बीड 11. मंडळं जोडण्याआधी एवढे 85 नोड (ट्रीमधले घटक) आणि 84 कडा (घटकाला त्याच्या वरच्या घटकाशी जोडणारे दुवे). हे आकडे कागदावर लिहून समोर ठेवले, पुढे प्रत्येक तपासणीत ते लागतात.

पहिला खड्डा नावांचा. मिळणाऱ्या एक्सेलमध्ये 'तालुका' आणि 'जिल्हा' असे नावाचे दोन रकाने असतात, आणि नावावरून जॉइन लावायचा, म्हणजे टेबलांच्या ओळी जुळवायचा, मोह होतो. मराठवाड्यात आठही जिल्ह्यांत जिल्ह्याच्याच नावाचा तालुका आहे. 'जालना' शोधलं की जिल्हाही सापडतो आणि तालुकाही. सगळे नोड एकाच टेबलमध्ये असतील, रूटचं नाव 'मराठवाडा' असेल आणि जॉइनमध्ये पातळीची अट नसेल, तर 76 तालुक्यांच्या 152 ओळी येतात. इथवर ठीक, कारण दुप्पट आकडा लगेच डोळ्यात भरतो. पण डुप्लिकेट म्हणून त्यातली कोणतीही एक ओळ उडवली, तर भोकरदन तालुका जालना तालुक्याखाली जाऊ शकतो आणि जालना तालुका स्वतःचाच पेरेंट (वरचा नोड) बनू शकतो. म्हणून नाव फक्त दाखवण्यासाठी ठेवलं आणि जोडणी कोडवर केली. विभागाचं अधिकृत नावही छत्रपती संभाजीनगरच आहे, म्हणजे तिथे एकच नाव तीन पातळ्यांवर येतं.

आता तपासणी. ट्रीमध्ये 'नोडपेक्षा कडा एकने कमी' हा नियम आपण कॉलेजात शिकलेलो असतो आणि तोच लावून मोकळे होतो. प्रत्येक ओळीत पेरेंट आयडी (वरच्या नोडचा कोड) असलेल्या टेबलमध्ये ही तपासणी काहीच सिद्ध करत नाही. रूट सोडून प्रत्येक ओळीत एक पेरेंट भरलेला असला, की कडा आपोआप 84 येतात; मग त्यात दोन नोड एकमेकांकडे बोट दाखवत असले तरी. नियमाचा दुसरा अर्धा भाग, म्हणजे आलेख (नोड आणि कडांचं जाळं) सलग जोडलेला असणं, तो वेगळा तपासावा लागतो. रूटपासून रिकर्सिव्ह क्वेरी (एकेक पातळी पुढे जात राहणारी) खाली चालवायची आणि पोहोचलेले नोड मोजायचे. 85 हवेत. 84 आले तर कुठला तरी तालुका चक्रात अडकलाय, आणि त्याच्या मंडळांचा पाऊसही त्याच्यासोबत गेला.

यातली गंमत अशी की खाली जाणारी क्वेरी अशा वेळी अडकत नाही. चक्र रूटपासून तुटलेलं असतं, त्यामुळे ती तिथे पोहोचतच नाही आणि निमूटपणे कमी ओळी देते. अडकते ती मंडळाकडून वर चढणारी क्वेरी. मायएसक्यूएल 8 या डेटाबेसमध्ये ती मूळ सेटिंगनुसार 1000 फेऱ्यांनंतर एरर देऊन थांबते. पोस्टग्रेस या डेटाबेसमध्ये अशी मर्यादा नाही; 'युनियन ऑल' (डुप्लिकेट ओळी न गाळणारं) लिहिलं असेल तर चालतच राहते. आवृत्ती 14 पासून तिथे चक्र ओळखणारं 'सायकल' हे कलम आहे, ते लावावं.

साठवणुकीबद्दल मतं बरीच असतात. नेस्टेड सेट (प्रत्येक नोडला डावा आणि उजवा असे दोन आकडे देण्याची पद्धत) वाचायला फार वेगवान. 85 नोडना 1 ते 170 आकडे पडतात, मंडळं सोडली तर हिंगोलीचा सबट्री (तो जिल्हा आणि त्याखालचे तालुके) सलग 12 आकडे घेतो, आणि उजव्यातून डावा आकडा आणि 1 वजा करून निम्मे केले की वंशज मिळतात. पण मधेच एक तालुका घातला की त्याच्या उजवीकडचे सगळे आकडे दोनने सरकतात. मंडळांची पुनर्रचना होत राहते, म्हणून मी तो घेतला नाही. क्लोजर टेबल घेतलं: प्रत्येक पूर्वज-वंशज जोडीला एक ओळ, स्वतःची स्वतःशी धरून. विभागाची 1, जिल्ह्यांच्या 16, तालुक्यांच्या 228, एकूण 245. नवा तालुका आला की 3 ओळी वाढतात, नवं मंडळ आलं की 4. खरा डेटा मात्र पेरेंट आयडीच. क्लोजर टेबल त्यातून पुन्हा तयार करता आलं पाहिजे. दोन्हीकडे हाताने बदल करू दिले की महिनाभरात फरक पडलाच म्हणून समजा.

पाथ, म्हणजे रूटपासून नोडपर्यंतच्या कोडची साखळी, साठवणारेही असतात. त्यांनी शेवटी तिरपी रेघ ठेवावी, नाहीतर '1/2' ने सुरू होणारे शोधताना '1/20' सुद्धा येतो.

पाऊस वर नेताना मात्र सरासरीची सरासरी काढू नये. एका तालुक्यात 4 मंडळं, सरासरी 20 मिमी. दुसऱ्यात 8 मंडळं, सरासरी 50 मिमी. दोन सरासऱ्यांची सरासरी 35 येते, सगळ्या 12 मंडळांची 40. म्हणून प्रत्येक नोडवर बेरीज आणि मोजणी हे दोन आकडे ठेवले, आधी सगळी मुलं आणि मग पेरेंट या क्रमाने वर नेले, भागाकार दाखवताना केला. ज्या मंडळाची नोंदच आली नाही तिथे शून्य भरू नका, रिकामं सोडा. शून्य मोजणीत जातं आणि सरासरी खाली ओढतं. अतिवृष्टीची 65 मिमीची अट मंडळ पातळीवरच तपासायची असते, ती वर नेलेल्या सरासरीला लावण्यात अर्थ नाही.

जुनी वर्षं जोडायची असतील तर पेरेंटला तारखा लागतात. हिंगोली 1 मे 1999 ला परभणीतून वेगळा झाला, लातूर 1982 मध्ये तेव्हाच्या उस्मानाबादमधून. कळमनुरीचे 1998 चे आकडे परभणीत धरायचे की हिंगोलीत, हे अहवाल मागणाऱ्याला आधी विचारून घ्यावं. टेबलमध्ये कळमनुरीच्या दोन ओळी राहतात, 'पासून' आणि 'पर्यंत' अशा तारखांसह. सगळ्या तारखा एकत्र पाहिल्या तर तो ट्री उरत नाही, कळमनुरीला दोन पेरेंट दिसतात. एखादी तारीख निवडली की पुन्हा ट्री होतो. त्यामुळे रूटपासून पोहोचण्याची तपासणी एकदाच करून भागत नाही, हद्द बदललेल्या प्रत्येक तारखेसाठी ती चालवली. दोन ओळींच्या तारखा एका दिवसानेही एकमेकींवर चढल्या तर त्या दिवशीचा पाऊस दोन्ही जिल्ह्यांत मोजला जातो आणि विभागाच्या बेरजेत दोनदा येतो. 'पर्यंत'ची तारीख त्या ओळीत धरायची नाही असं ठरवून टाकलं, म्हणजे एकीची 'पर्यंत' आणि दुसरीची 'पासून' दोन्ही 1 मे 1999 लिहिता येतात.

ग्रामपंचायत आणि पंचायत समितीची उतरंड याच टेबलमध्ये टाकायची मागणी हमखास येते. ती मी नाकारली. गावाला एक पेरेंट तलाठी सज्जाचा आणि दुसरा ग्रामपंचायतीचा झाला की वरच्या सगळ्या तपासण्या निकामी होतात. गावाचा कोड दोन्हीकडे तोच ठेवून तो दुसरा ट्री वेगळ्या टेबलमध्ये बांधला.