ऑइलच्या बादल्या आणि माझे पहिले हंगाम

कराडला माझं ट्रॅक्टर-ट्रकच्या स्पेअर पार्टचं दुकान आहे. 2019 च्या दिवाळीत एका कंपनीच्या इंजिन ऑइलची सब-डीलरशिप घेतली. हिशेब सोपा वाटला. उसाचा हंगाम लागला की ट्रॅक्टर रात्रंदिवस पळतात, साधारण 250 तासांनी ऑइल बदलावं लागतं आणि एका वेळी सात-आठ लिटर जातं. 20 लिटरच्या बादल्या भरून ठेवायच्या, की झालं.

पहिला हंगाम बरा गेला आणि लॉकडाऊन लागलं. 20 एप्रिल 2020 ला अमेरिकेत कच्च्या तेलाचा वायदा शून्याखाली, उणे 37 डॉलरवर गेला. फोनवर जो तो विचारायचा, "शेठ, आता ऑइल उतरणार ना?" मलाही तसंच वाटलं. ऑर्डर थांबवून मी भाव पडायची वाट बघत बसलो. बादलीचा भाव काही पडला नाही. उलट 2021 मध्ये कंपनीची दरवाढीची पत्रं लागोपाठ यायला लागली आणि मला चढ्या भावानं माल उचलावा लागला. त्या वर्षी हाताशी आलेली कमाई गेली.

तळोज्याकडे ऑइल ब्लेंडिंगच्या कारखान्यात काम करणाऱ्या माझ्या मेव्हण्यानं मग मला नीट समजावलं. बादलीत बहुतेक भाग बेस ऑइलचा असतो आणि ते कच्च्या तेलाच्या जड भागातून निघतं. गाड्या, विमानं थांबली तशा रिफायनऱ्या कमी चालल्या, म्हणून बेस ऑइलही कमी निघालं. आपल्याकडे त्यातलं पुष्कळसं बाहेरून येतं, म्हणजे डॉलर चढला की आपली बादलीही चढली. वरून ॲडिटिव्ह, म्हणजे बेस ऑइलमध्ये मिसळायची रसायनं, बनवणाऱ्या मोठ्या कंपन्या जगात मोजून चार. 2022 मध्ये युक्रेनचं युद्ध पेटलं आणि डिझेल कडाडलं, तेव्हा तो म्हणाला, "दाजी, आता रिफायनरी तोच जड भाग डिझेलकडे वळवणार, बेस ऑइलची टंचाई होणार." तेव्हापासून मी कच्च्या तेलाच्या बातमीवर खरेदी करत नाही, त्यालाच फोन करतो.

दुसरी अडचण 1 एप्रिल 2020 च्या बीएस-6 ची, म्हणजे गाड्यांच्या धुराच्या नव्या नियमाची. नव्या ट्रकच्या सायलेन्सरमध्ये काजळी धरणारा फिल्टर आला, त्याला कमी राखेचं, म्हणजे जळल्यावर कमी राख सोडणारं, ऑइल लागतं. ट्रॅक्टरला मात्र जुनं 20डब्ल्यू-40 या ग्रेडचं ऑइल चालतंच. म्हणजे भांडवल तेवढंच आणि फळीवरचे प्रकार दुप्पट. त्यात 18 टक्के जीएसटी माल उचलतानाच भरायचा. गिऱ्हाईक पैसे देणार साखर कारखान्यातून ऊस वाहतुकीचं बिल निघाल्यावर. या धंद्यात माणूस भावापेक्षा उधारीनं जास्त बुडतो, हे मी सोसून शिकलोय.

मग वही घातली. कुठल्या गाडीला कुठलं ऑइल, किती लिटर आणि किती तासांनी, हे गिऱ्हाइकाच्या नावावर लिहायला लागलो. कंपनीचा माणूस स्कीम घेऊन येतो, पन्नास बादल्या जास्त उचला म्हणतो. मी वही काढून लिटर मोजतो. रिकाम्या बादल्या भोक पाडल्याशिवाय भंगारात देत नाही, कारण त्यांतच नकली माल भरला जातो आणि तो कुणाच्या तरी कर्जावर घेतलेल्या ट्रॅक्टरच्या इंजिनात जातो.

यंदाच्या ऑर्डरमध्ये कमी राखेच्या बादल्या पहिल्यांदाच 20डब्ल्यू-40 च्या बरोबरीला आल्या. स्कूटरच्या 800 मिलीच्या डब्यांची ऑर्डर मात्र कमी केली. आमच्या गल्लीतच आता चार इलेक्ट्रिक स्कूटर आहेत आणि त्यांना इंजिन ऑइल लागतच नाही.