श्वासाचा व्यायाम, पॅनिक आणि पर्वती: माझा अनुभव

मी क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट आहे, पुण्यात प्रॅक्टिसला अकरा वर्षं झाली. त्यातली पहिली सात-आठ वर्षं पॅनिक अटॅकचा (अचानक जिवाची भीती वाटून धडधड, धाप सुरू होते तो) पेशंट आला की माझं ठरलेलं असायचं, पहिल्याच सेशनला पोटातून श्वास घ्यायला शिकवायचं, चार आकडे मोजत आत, सहा मोजत बाहेर. पेशंटला तिथल्या तिथे बरं वाटायचं, घरचे म्हणायचे चला, काहीतरी हाताला लागलं, आणि मलाही समाधान व्हायचं. यात काही कमी पडत असेल असं मनातही आलं नाही, कारण समोरचा माणूस शांत होताना दिसायचा ना.

मग एक काकू आल्या (त्यांना विचारूनच लिहितेय, आणि ओळख पटेल असे तपशील बदललेत). पन्नाशी ओलांडलेल्या, आयुष्यभर रोज सकाळी पर्वतीची टेकडी चढणाऱ्या. एकदा निम्म्या पायऱ्यांवर छातीत धडधड सुरू झाली, हातापायाला मुंग्या, डोळ्यापुढे अंधारी, लोकांनी धरून खाली आणलं आणि रिक्षात घालून हॉस्पिटलला नेलं. ईसीजी, टूडी इको, स्ट्रेस टेस्ट, थायरॉइड सगळं नॉर्मल. पण तेव्हापासून पर्वती बंद, मग तुळशीबाग बंद, मग पीएमटी बंद (शहराची बस, आम्ही अजून पीएमटीच म्हणतो), आणि शेवटी कोपऱ्यावरून दूध आणायचं तरी सून बरोबर लागायची. माझ्याकडे आठ महिने येत होत्या, श्वासाचं अगदी मनापासून करायच्या, आणि मी विचारलं कसं काय की “छान आहे मॅडम, खूप फरक आहे.” मी फाइलमध्ये लिहायचे, सुधारणा आहे.

एक दिवस निघताना दारात चप्पल घालता घालता म्हणाल्या, “तुम्ही शिकवलेलं ते श्वासाचं करते ना, म्हणून वाचते हो मॅडम, नाहीतर कधीच गेले असते.”

म्हणून वाचते. त्या वाक्यापाशी मी अडकलेच. म्हणजे आठ महिन्यांनंतरही काकूंच्या मनात हेच पक्कं होतं की धडधड झाली म्हणजे मरण आलं, आणि श्वास मोजला म्हणून ते टळलं. ती समजूत मी काढलीच नव्हती, उलट तिला एक टेकू दिला होता. पर्समधली पाण्याची बाटली, ग्लुकोजची पुडी, सायकियाट्रिस्टनी दिलेली, अगदी गरज पडली तरच घ्यायची एसओएस गोळी, सुनेचा हात, आणि या सगळ्यांच्या रांगेत मी शिकवलेला श्वास. मानसशास्त्रज्ञ डेव्हिड क्लार्क यांनी १९८६ मध्ये हेच तर मांडलं होतं, की शरीरातल्या साध्या बदलाचा माणूस भलताच भयानक अर्थ लावतो, त्या अर्थानं भीती वाढते, भीतीनं धडधड वाढते, असं ते चक्र फिरत राहतं. एम.फिल.च्या परीक्षेत मी यावर पानंच्या पानं लिहिली होती आणि केबिनमध्ये बसल्यावर ते चक्र न तोडताच पुढे जात होते.

त्या आठवड्यात वाचायला बसले. आधी नुसतं ‘पॅनिक ट्रीटमेंट’ असं शोधलं तर इतकं काही आलं की त्यात बुडायचीच वेळ, मग प्रश्न बारीक केला: पॅनिकच्या सीबीटीत (विचार आणि वागणं बदलण्यावर भर देणारी थेरपी) श्वासाचं ट्रेनिंग घातलं आणि काढलं तर फरक किती पडतो? बरेच पेपर पैसे भरल्याशिवाय उघडत नाहीत, तेव्हा दोन-तीन लेखकांना सरळ मेल केला, एकाकडून पीडीएफ आली, बाकीचं कॉलेजात शिकवणाऱ्या मैत्रिणीनं लायब्ररीतून काढून दिलं. नॉर्मन श्मिट आणि सहकाऱ्यांचा २००० सालचा अभ्यास नेमका माझाच प्रश्न विचारत होता, आणि त्यात श्वासाच्या ट्रेनिंगनं सीबीटीत वेगळी अशी भर पडलेली दिसली नाही. मग २०१८ चा मोठा आढावा मिळाला, ७२ अभ्यास, चार हजारांवर माणसं, त्यात सीबीटीचा एकेक भाग सुटा करून तपासलेला. ज्या संवेदनांची भीती वाटते त्या मुद्दाम निर्माण करून अनुभवायच्या, याला इंटरोसेप्टिव्ह एक्स्पोजर म्हणतात, त्यानं गुण येतो असं तिथे दिसलं. स्नायू सैल करण्याच्या रिलॅक्सेशननं परिणाम उलट कमी होतो. आणि श्वासाचं? त्याचा गुण थोडा, पण लोक उपचार सोडून जात नाहीत, टिकून राहतात.

हे शेवटचं वाचलं नसतं तर मी दुसऱ्या टोकाला गेले असते, सगळ्यांचे श्वास बंद करून टाकले असते. २००५ मध्ये अमेरिकन सायकॉलॉजिकल असोसिएशननं पुराव्यावर आधारित प्रॅक्टिसची जी भूमिका घेतली तिच्यात तीन गोष्टी एकत्र धरल्यात, उत्तमातलं उत्तम संशोधन, थेरपिस्टचं कौशल्य, आणि समोरच्या माणसाचा स्वभाव, संस्कृती, पसंती. माझ्याकडे यातली पहिलीच कच्ची होती, आता तीच एकटी हातात घेऊन काकूंवर धावून जाणंही बरोबर नव्हतं.

खरी अडचण पुढे आली, मला स्वतःलाच भीती वाटत होती. पन्नाशीच्या बाईंना मुद्दाम धडधड करायला लावायची, आणि काही झालं तर? ग्लेन वॉलर यांनी २००९ मध्ये यावरच लिहिलंय, थेरपिस्टला माहीत असलेली उपचारपद्धती तो हळूहळू सोडत जातो, त्यात त्याची स्वतःची भीती हे एक मोठं कारण. म्हणून आधी स्वतः करून बघितलं. घरी गच्चीवर एक मिनिट जोरजोरात श्वास, मग बारीक स्ट्रॉमधून श्वास, मग जागेवर धावणं. पहिल्यालाच ओठ बधिर झाले, बोटांना मुंग्या आल्या, आणि खरंच क्षणभर वाटलं की काहीतरी बिघडलं. पुस्तकातून वाचून हे कळत नाही. मग काकूंच्या फिजिशियनशी बोलले, हृदय, दमा, फिट्स काही नाही ना हे लेखी घेतलं, सायकियाट्रिस्टना कल्पना दिली (गोळ्यांचं काय करायचं ते त्यांचं काम, त्यात मी हात घालत नाही).

आणि काकूंना सांगितलं, मी तुम्हाला अर्धंच शिकवलं, राहिलेलं अर्धं अवघड आहे. त्या गप्प झाल्या. “म्हणजे आठ महिने मी करत होते ते चुकीचं?” मी समजावत राहिले, त्या हो हो म्हणत राहिल्या, आणि पुढच्या दोन अपॉइंटमेंटला आल्याच नाहीत. ते पंधरा दिवस मला फार जड गेले. नंतर कळलं, मी इतक्या घाईनं इंग्रजी शब्द वापरत बोलले होते की त्यांना वाटलं आता आपल्यावर काहीतरी प्रयोग होणार.

सुनेनं फोन करून पुन्हा आणलं. या वेळी मी एवढंच म्हणाले, धडधड, चक्कर, हे मुद्दाम करून बघायचं आणि ती आपोआप कुठवर जाते ते थांबून बघायचं. काकू जरा विचार करून म्हणाल्या, “म्हणजे मंगळागौरीला फुगडी घातल्यावर होतं तसं?”

अगदी तसंच! परदेशी मॅन्युअलमध्ये फिरत्या खुर्चीवर गरगर फिरायला सांगतात, आम्ही खुर्च्या भिंतीला लावल्या आणि केबिनमध्ये फुगडी घातली. आधी विचारलं, चक्कर येऊन पडाल असं किती टक्के वाटतं? म्हणाल्या नव्वद. फुगडी झाली, त्या टेबलाला धरायला गेल्या, मी म्हटलं धरू नका, श्वासही मोजू नका, नुसत्या उभ्या राहा. मिनिटभरानं पाय स्थिर झाले. परत फुगडी. पाचव्यांदा आकडा वीसवर आला, आणि त्या मला म्हणाल्या, “तुम्हालाच जास्त धाप लागलीय मॅडम.” जे होईल असं वाटतं ते होत नाही, हे शरीरानं अनुभवायचं, शिकणं तिथे घडतं, मिशेल क्रास्के यांचं २०१४ चं काम यावरच आहे. मी हजारदा तोंडानं सांगितलं असतं तरी त्या फुगडीची सर आली नसती.

दरम्यान मोजायलाही लागले होते. पॅनिकची तीव्रता मोजायची सात प्रश्नांची पट्टी असते, शून्य ते अठ्ठावीस गुण, जास्त गुण म्हणजे जास्त त्रास. माझं मराठी भाषांतर शास्त्रोक्त तपासलेलं नाही, त्यामुळे दुसऱ्या कुणाशी तुलना करत नाही, त्याच माणसाची आधीची आणि आत्ताची तेवढीच. पहिल्यांदा मोजलं तेव्हा “खूप फरक आहे” म्हणणाऱ्या काकूंचे गुण आले १७. नंतर १४, मग तुळशीबागेत बाटली न घेता गेल्या त्या आठवड्यात परत १६ (वाढणार हे त्यांना आधीच सांगून ठेवलं होतं म्हणून निभावलं), मग ११, मग ८. स्वारगेटपर्यंत बसनं एकट्या, मग पर्वती, आधी वीस पायऱ्या, मग पन्नास, मग सगळ्या १०३. दहाव्या सेशनला ६. बाटली अजून पर्समध्ये असते, पण गोळी घरी राहते.

ओळखीतले एक जण म्हणाले, हे सगळं तिकडचं, आपल्या लोकांना नुसतं ऐकून घेणारं माणूस हवं असतं. मला हे पटत नाही. गोव्यात प्राथमिक आरोग्य केंद्रांमधल्या ४९५ डिप्रेशनच्या पेशंटवर विक्रम पटेल आणि सहकाऱ्यांनी केलेली ट्रायल २०१७ मध्ये लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात आली, या क्षेत्रातली पदवी नसलेल्या पण नीट ट्रेनिंग दिलेल्या कौन्सेलरनी सहा ते आठ सेशनमध्ये ठरावीक पद्धतीनं उपचार केले आणि फरक पडला. ते पॅनिकवर नव्हतं हे खरं, पण आपली माणसं ठरावीक पद्धतीला दाद देत नाहीत असं तरी आता कुणी म्हणू नये.

आता मी प्रत्येकाचं मोजते, डिप्रेशनला पीएचक्यू-९ (नऊ प्रश्नांची पट्टी, इथेही जास्त गुण म्हणजे जास्त त्रास), ओसीडीला (तेच तेच विचार, त्याच त्याच कृती) त्याची पट्टी, सेशनच्या आधी बाहेरच्या बाकावर पाच मिनिटं. यामागे अजून एक अभ्यास आहे जो डोक्यातून जात नाही. २००५ चा, अमेरिकेतला. ५५० क्लायंट, त्यातले कोण बिघडतील ते थेरपिस्टनी आधी सांगायचं. त्यांनी तिघांची नावं दिली. प्रत्यक्षात चाळीस बिघडले, आणि त्या तिघांतला एकच त्यांत होता. तिथले थेरपिस्ट निष्काळजी नव्हते, समोर बसून नजरेला ते दिसतच नाही, मलाही काकूंच्या बाबतीत दिसलं नव्हतं.

सध्या हिंजवडीला नोकरी करणारा एक मुलगा येतोय डिप्रेशनसाठी, छान बोलतो, वेळेवर येतो, दर वेळी मॅडम थँक्यू म्हणून जातो. पीएचक्यू चार आठवडे १५ वरच अडकला होता, या वेळी १८. मंगळवारी त्याच्यासमोर कागद ठेवून विचारणार आहे, आपण जे करतोय ते तुला उपयोगी पडत नाहीये का, खरं सांग.