तेलाच्या सणाचे घारगे

यहुदी पंचांगातल्या किसलेव महिन्याच्या २५ तारखेपासून आठ दिवस चालणारा हनुक्का हा तेलाचा सण आहे. जेरुसलेमचे मंदिर मक्काबी या यहुदी बंडखोरांनी परत मिळवले, तेव्हा तिथे एका दिवसापुरतेच शुद्ध तेल सापडले आणि ते आठ दिवस जळत राहिले, ही कथा आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. म्हणून जगभरातले यहुदी या दिवसांत तेलात तळलेले पदार्थ खातात. इस्रायलमध्ये स्थायिक झालेली माझी भावंडे आत जॅम भरलेल्या सुफगानियोत आणतात आणि फोनवर त्यांची छायाचित्रे पाठवतात. आमच्या भायखळ्याच्या घरी मात्र लाल भोपळ्याचे घारगे होतात.

आम्ही बेने इस्रायल. आमच्या पूर्वजांचे जहाज नवगावजवळ फुटले आणि वाचलेली सात जोडपी कोकणात राहिली, अशी आमची परंपरा सांगते. पुढे गावोगावी तेलाचा घाणा हाच आमचा व्यवसाय झाला आणि शब्बाथला, म्हणजे शनिवारच्या विश्रांतीच्या दिवशी, घाणा बंद असे म्हणून लोक आम्हाला शनवार तेली म्हणू लागले. या तेल्यांना तेलाचा हा सण शेकडो वर्षे ठाऊकच नव्हता. पूर्वज मक्काबींच्या विजयाआधीच निघाले असावेत, असे त्याचे कारण सांगितले जाते. बाहेरच्या यहुद्यांशी संबंध आल्यावर तो आमच्याकडे रुजला. ही गोष्ट आठवली की मला दरवेळी भरून येते. ज्यांच्या घरात वर्षभर तेलाचा वास दरवळत असे, त्यांच्याकडे तेलाचा सण इतक्या उशिरा पोहोचला.

सणाला घारगेच का, याचे उत्तर आमच्या आहारनियमांत आहे. मांसाबरोबर दुधाचा किंवा तुपाचा पदार्थ चालत नाही आणि सणाच्या रात्री आमच्याकडे मटण असते. त्यामुळे गोड पदार्थ नारळाच्या दुधातला किंवा तेलातला असावा लागतो. घारग्यांत दूधही नाही आणि तूपही नाही.

दोन वाट्या किसलेल्या भोपळ्याला मी एक वाटी चिरलेला गूळ घेते आणि दोन्ही एकत्र शिजवते. गूळ विरघळून भोपळा मऊ झाला की त्यात वेलची, जायफळ आणि चिमूटभर मीठ घालते. मिश्रण कोमट असतानाच अर्धी वाटी तांदळाचे पीठ आणि मावेल तेवढी कणीक घालून घट्ट मळते, त्यावर दोन चमचे कडकडीत तेलाचे मोहन ओतते. पाणी थेंबभरही घालायचे नाही. भोपळ्याचे स्वतःचे पाणी पुरते. अर्धा तास झाकून ठेवल्यावर केळीच्या पानावर तेलाच्या बोटांनी घारगा थापायचा आणि वर खसखस दाबायची. एका वर्षी मी हौसेने गूळ दीड वाटी घातला, तेव्हा घारगे कढईत सुटले, भरपूर तेल प्याले आणि आत कच्चे असतानाच बाहेरून काळवंडले. आच मध्यम हवी. घारगा टम्म फुगून लालसर झाला की लगेच काढायचा.

तळणाची वेळही मी सांभाळते. हनुक्कात रोज संध्याकाळी एकेक वाढवत दिवे लावतात. ते जळत असताना बायकांनी काम करू नये, अशी रीत आहे आणि ती मला फार प्रिय आहे, कारण सणाच्या दिवशी तेवढा तरी वेळ हातात झारा नसतो. डिसेंबरात मुंबईत सूर्य सहाच्या सुमारास मावळतो, म्हणजे साडेपाचला कढई उतरलेली असली पाहिजे.

२०२५ साली पहिला दिवा १४ डिसेंबरच्या रविवारी लागला, त्यामुळे सहावा शुक्रवारी आला. शुक्रवारी हनुक्काचे दिवे शब्बाथच्या दिव्यांच्या आधी लावायचे असतात आणि त्यानंतर शनिवारी रात्रीपर्यंत चूल पेटत नाही. म्हणून त्या दिवशी मी दुपारी तीनलाच भोपळा चढवला आणि नेहमीच्या दुप्पट घारगे तळून पितळी डब्यात भरले. शनिवारी शब्बाथ संपल्यावर सातवा दिवा लावून आम्ही तेच शिळे घारगे खाल्ले. एका दिवसाने भोपळा मुरतो आणि गुळाची चव वर येते. मला तर ताज्यांपेक्षा तेच अधिक आवडतात.